टायमिंग कव्हर: झाकण स्वस्त, उघडणं महाग

नेरुळच्या आमच्या सोसायटीत पार्किंगला नवे पेव्हर ब्लॉक बसवले आणि वर्षाच्या आत माझ्या जागेवर रुपयाएवढा काळा डाग उमटला. सेक्रेटरींनी दोनदा बोलून दाखवलं. तिसऱ्यांदा बोलायच्या आत मी रात्री गाडीखाली पुठ्ठा सरकवला. सकाळी त्यावर तेलाचे सात थेंब होते, सगळे एकाच बाजूला, ड्रायव्हरकडच्या पुढच्या चाकाच्या आतल्या अंगाला.

गाडी २०१२ची पेट्रोल स्विफ्ट, चाललेली लाखाच्या थोडी वर. तीन ठिकाणी दाखवली. तिन्हीकडे निदान एकच, ‘टायमिंग कव्हर लीक आहे.’ पैसे मात्र तीन प्रकारचे. एका मोठ्या सर्व्हिस सेंटरने कव्हर आणि चेन किट मिळून २१,४०० रुपयांचं एस्टिमेट हातात दिलं. तुर्भ्याच्या एका गॅरेजवाल्याने कव्हर तेच ठेवून, चेन बदलून साडेअकरा हजार सांगितले. तिसऱ्याने खाली वाकून, बोट फिरवून, ‘खोलायचं कशाला? बाहेरून सिलिकॉन मारतो, दीड हजार द्या’ असं म्हटलं. रोग एक आणि फी दीड हजारापासून साडेएकवीस हजारांपर्यंत, असं झालं की माझ्यातला ग्राहक जागा होतो.

आधी हे झाकण झाकतं काय ते पाहू. इंजिनात खाली क्रँक फिरतो आणि वर कॅम. क्रँकच्या दोन फेऱ्यांत कॅमची बरोबर एक फेरी व्हावी लागते, कारण व्हॉल्व्ह कधी उघडायचे नि कधी मिटायचे ते त्यावर ठरतं. दोघांना बांधून ठेवणारी वस्तू म्हणजे टायमिंग चेन किंवा टायमिंग बेल्ट, आणि तिच्यावरचं झाकण म्हणजे टायमिंग कव्हर. चेन की बेल्ट, या एका प्रश्नावर पुढचा सगळा खर्च अवलंबून असतो.

बेल्ट रबराचा असतो आणि त्याला तेलाचं वावडं असतं. म्हणून त्याचं कव्हर साधं प्लॅस्टिकचं, बहुतेक वेळा वर-खाली अशा दोन तुकड्यांचं, काही क्लिपा नि दहा नंबरच्या बोल्टांवर बसवलेलं. त्याचं काम धूळ-पाणी अडवण्याचं. चेन मात्र तेलातच राहते. तिचं कव्हर अ‍ॅल्युमिनियमचं, इंजिनाला आणि खालच्या तेलाच्या चेंबरला लिक्विड गॅस्केटने चिकटवलेलं असतं. त्याच्या मधोमध क्रँकचं ऑइल सील असतं आणि बऱ्याच इंजिनांत ऑइल पंपही याच कव्हरच्या पोटात बसवलेला असतो. तेव्हा प्लॅस्टिकचं कव्हर फुटलं तर बहुतेकदा शेकड्यांत भागतं, आणि अ‍ॅल्युमिनियमच्या कव्हरमधून तेल आलं की बोलणी हजारांत सुरू होतात.

जुनी मारुती ८००, इंडिका डिझेल, सुरुवातीची सँट्रो, १.५ डिझेल डस्टर आणि क्रिस्टाच्या आधीची अडीच लिटरची इनोव्हा या बेल्टवाल्या गाड्या. इनोव्हाच्या डॅशबोर्डवर तर बेल्ट बदलायची वेळ झाल्याचा दिवाच पेटतो. मारुतीची के-सिरीज पेट्रोल इंजिनं, होंडा सिटीची आय-व्हीटेक आणि स्विफ्टपासून इंडिका व्हिस्टापर्यंत अनेकांत बसलेलं फियाटचं १.३ मल्टिजेट डिझेल ही चेनवाली. तुमची गाडी यात नसेल तर मॅन्युअलमधलं सर्व्हिसचं वेळापत्रक उघडा. त्यात अमुक किलोमीटरला टायमिंग बेल्ट बदला असं लिहिलं असेल तर बेल्ट. तसा उल्लेखच नसेल तर बहुधा चेन.

आता निदानाकडे येतो. माझ्या मते या कामातले सगळ्यात जास्त पैसे वाचतात किंवा बुडतात ते इथेच.

तेल वरून खाली ओघळतं आणि गाडी चालताना वाऱ्याने मागे पसरतं, त्यामुळे थेंब जिथे पडतो तिथूनच तेल येतंय असं नसतं. टायमिंग कव्हरच्या बरोबर वर टॅपेट कव्हर असतं. त्याचं रबरी पॅकिंग उष्णतेने कडक झालं की तेल झिरपतं आणि सरळ टायमिंग कव्हरच्या अंगावरून खाली उतरतं. खालून बघणाराला ते टायमिंग कव्हरमधूनच आल्यासारखं वाटतं. पुलीच्या मागचं क्रँक सील गेलं असेल तरी तसंच. आणि कव्हर व चेंबर जिथे मिळतात त्या कोपऱ्यातून पाझरत असेल, तर ती गळती टायमिंग कव्हरची आहे की चेंबरची हे बाहेरून सांगणं चांगल्या मिस्त्रीलाही जड जातं. टॅपेट कव्हरचं पॅकिंग बदलणं हे हजाराच्या आतबाहेरचं काम आहे. पुली काढून नुसतं क्रँक सील बदलायचं तर दीड-दोन हजारांत होतं. टायमिंग कव्हर उतरवायचं म्हटलं की त्याच्या पाच ते दहा पट.

म्हणून एस्टिमेटवर सही करायच्या आधी एक काम करून घ्या. तो भाग डिग्रीझरने धुवायला लावा. पाण्याचा फवारा अल्टरनेटरवर मारू देऊ नका. कोरडा झाला की टॅपेट कव्हरच्या कडेखाली, टायमिंग कव्हरच्या दोन्ही शिवणींवर आणि पुलीभोवती साधी टाल्कम पावडर भुरभुरवायची. मग गाडी चाळीस-पन्नास किलोमीटर पळवायची. आमच्याकडे त्यासाठी सायन-पनवेल महामार्ग आहेच, वाशीहून पनवेलला जाऊन परत. परतल्यावर बॅटरी लावून पाहिलं की पांढऱ्या पावडरीवर तेलाची ओली रेघ कुठून सुरू झाली ते दिसतं. धुण्याचे तीनशे-चारशे आणि पेट्रोल सोडलं तर या तपासणीला खर्च नाही. काही गॅरेजांत तेलात रंग घालून निळ्या दिव्याखाली बघतात, ती आणखी नेमकी. पण पावडरने माझं काम झालं.

माझ्या गाडीत रेघ निघाली टॅपेट कव्हरच्या उजव्या कोपऱ्यातून. पॅकिंग काढलं तर ते रबर राहिलंच नव्हतं. वाकवल्यावर शेवेसारखं मोडलं. पॅकिंगचे ४२० आणि मजुरीचे ५०० देऊन घरी आलो, पुठ्ठा पुन्हा टाकला. सातांचे दोन थेंब झाले. म्हणजे तिघांचं निदान पुरतं खोटं नव्हतं. कव्हरची खालची शिवणही पाझरत होती. पण दोन थेंबांसाठी त्याच दिवशी कव्हर उघडायची घाई नव्हती, आणि तेव्हा पावसाळा तोंडावर होता.

घाई कधी करायची, तेही सांगतो. डिपस्टिकवरची पातळी दर आठवड्याला उतरत असेल तर. तेल फॅन बेल्टवर उडत असेल तर, कारण तो घसरला की अल्टरनेटर चार्ज करत नाही आणि बऱ्याच गाड्यांत पाण्याचा पंपही त्याच पट्ट्यावर असतो. तेल सायलेन्सरच्या गरम भागावर पडून जळकट वास येत असेल तर. आणि सकाळी पहिल्या स्टार्टला दोन-तीन सेकंद साखळी खडखडल्यासारखा आवाज येत असेल तर नक्कीच. चेनचा टेन्शनर तेलाच्या दाबावर ताणला जातो. चेन सैल झाली किंवा टेन्शनर थकला की दाब येईपर्यंत ती कव्हरवर आपटते, क्वचित आतून घासून भोकही पाडते. चेक इंजिनचा दिवा लागला असेल तर स्कॅन करून घ्या, पाचशे ते हजार घेतात. पी००१६ हा कोड आला तर क्रँक आणि कॅमचा मेळ चुकल्याची तक्रार आहे, मग गाडी पळवत बसू नका. बहुतेक आधुनिक इंजिनांत मेळ फार चुकला तर पिस्टन व्हॉल्व्हवर आदळतो, आणि मग हेड उतरवण्याचं बिल या लेखाच्या आवाक्यात बसत नाही.

यातलं काहीच नसेल, नुसता ओलसरपणा असेल, तर डिपस्टिकवर लक्ष ठेवून सहा महिने थांबायला हरकत नाही. असं सांगणारा मिस्त्री भेटला तर त्याचा नंबर जपून ठेवा.

दिवाळीनंतर मी तुर्भ्याच्या त्याच गॅरेजात गाडी दिली. दोन दिवस गाडीवाचून चालणार होतं म्हणून. कव्हर उतरवायला काय काय सुटावं लागतं ते तेव्हा उभं राहून पाहिलं. आधी तेल काढलं. उजवं चाक, आतलं मडगार्ड. फॅन बेल्ट. खाली लाकडी ठोकळा लावून जॅकवर इंजिन तोललं आणि उजवं फाउंडेशन सोडलं. मग टॅपेट कव्हर, क्रँकची पुली, चेंबर. एवढं झाल्यावर कव्हरचे बोल्ट. कव्हर सुटायला मात्र तयार नव्हतं, कारण लिक्विड गॅस्केट सिमेंटसारखं धरून बसतं. हेल्पर पोरगा स्क्रू ड्रायव्हर घालून उचकटायला निघाला, तर मिस्त्री ओरडला, ‘रुक! कोने से, कोने से!’ अ‍ॅल्युमिनियम मऊ असतं. शिवणीच्या मधोमध ओरखडा पडला तर त्याच वाटेने तेल पुन्हा येणार. उचकटण्यासाठी कव्हरच्या कोपऱ्यात खाच ठेवलेली असते, तिथेच टोक घालायचं.

या सगळ्या कामात कव्हरसाठी वेगळी मजुरी नाही नि चेनसाठी वेगळी नाही. उघडण्याचीच मजुरी. म्हणून लाखभर चाललेल्या गाडीचं कव्हर उघडून जुनीच चेन, जुनेच गाइड, जुनंच सील ठेवून बंद करणं मला पटत नाही. चार हजार वाचवायचे आणि तीस हजार किलोमीटरनंतर तीच पाच हजारांची मजुरी पुन्हा भरायची. याउलट गाडी चाळीस हजारांच्या आत असेल, तेल वेळेवर बदललेलं असेल, तर चेन किटचा आग्रह धरणाऱ्याला चेन दाखवायला सांगा. टेन्शनरचा दांडा किती बाहेर आलाय आणि गाइडवर खोल चरे पडलेत का, हे नुसत्या डोळ्यांनी दिसतं.

माझं बिल असं झालं. चेन किट ४,६००. क्रँक सील २४०. लिक्विड गॅस्केटची ट्यूब ४५०. तेल आणि फिल्टर १,८५०. मजुरी ५,०००. फाउंडेशनचं रबर सोडवल्यावर फाटलेलं दिसलं, त्याचे २,१०० आगाऊ ठरलेले नव्हते. आणि फाउंडेशनच्या ब्रॅकेटचा एक बोल्ट गंजून आतच तुटला, तो काढायचे ६००. खाडीकाठच्या खाऱ्या हवेत दहा वर्षं उभ्या राहिलेल्या गाडीचा एखादा बोल्ट तुटणारच, तेवढी तरतूद मनात ठेवा. एकूण १४,८४०. टॅपेट कव्हर दोनदा उघडलं गेलं, त्याचे पहिले पाचशे एका अर्थी वाया गेले, पण ते मला खुपले नाहीत.

हे आकडे एका गाडीचे, एका गॅरेजचे. ढोबळ मानाने छोट्या पेट्रोल गाडीला कव्हर उतरवून नुसतं नव्याने चिकटवायचं तर बाहेरच्या गॅरेजात सहा ते नऊ हजार, चेन किटसह दहा ते पंधरा. कंपनीच्या सर्व्हिस सेंटरला तेच पंधरा ते बावीस. डिझेलला आणि मोठ्या गाड्यांना यावर चढ. आपल्याकडे बरीच सर्व्हिस सेंटरं तुर्भे-शिरवणे एमआयडीसीच्या पट्ट्यात एकमेकांच्या हाकेच्या अंतरावर आहेत. एका सकाळी दोन-तीन एस्टिमेटं गोळा करणं अवघड नाही.

कव्हर नवं घ्यायचं की तेच वापरायचं? माझ्या एस्टिमेटात २१,४०० मध्ये नव्या कव्हरचे ५,३०० धरले होते. कशाला, असं विचारल्यावर ‘सर, नवीन टाकलेलं बरं’ यापलीकडे उत्तर मिळालं नाही. कव्हर बदलावं लागतं ते तडा गेला असेल, चेन आपटून आतून घासलं असेल, चिकटवण्याची कड वाकली असेल किंवा आतला ऑइल पंप झिजला असेल तेव्हा. नुसती शिवण पाझरते म्हणून नवं कव्हर घेणं म्हणजे पॅकिंग गेलं म्हणून नवा कुकर घेणं. कड सरळ आहे की नाही ते काचेवर ठेवून बघता येतं. काचेवर ते डुगडुगता कामा नये. तडा ऑइल पंपापासून आणि कडेपासून लांब असेल तर आर्गन वेल्डिंग होतं, पण त्या उष्णतेने कड वाकते का ते पुन्हा तपासावं लागतं. पंपाजवळचा तडा मी तरी वेल्ड करून घेणार नाही.

काढलेलं कव्हर कुर्ल्याच्या सीएसटी रोडला नव्याच्या तिसऱ्या हिश्श्यात मिळू शकतं. जुनी गाडी, नवा पार्ट मिळत नाही, अशा वेळी तो मार्ग चांगला आहे. मात्र आपलं जुनं कव्हर सोबत न्या आणि दोन्ही एकमेकांवर ठेवून बोल्टांची भोकं जुळवा. एकाच नावाच्या गाडीत वर्षागणिक इंजिन बदललेलं असतं. ऑइल पंप आत असेल तर तो उघडून, आतले गिअर बोटाने फिरवून पाहिल्याशिवाय पैसे देऊ नका. नवा पार्ट घेताना पाकिटावरची एमआरपी बघा. २२ सप्टेंबर २०२५पासून गाडीच्या सुट्या भागांवर सरसकट १८ टक्के जीएसटी आहे. पूर्वी बहुतेक भागांवर २८ होता. जुन्या स्टॉकच्या पाकिटावर जुनी किंमत असेल तर नवा दर लावून मागा.

बंद करतानाची काळजी जास्त महत्त्वाची, कारण पुन्हा गळती होते ती बहुतेक इथल्या हयगयीमुळे. जुनं गॅस्केट प्लॅस्टिकच्या पट्टीने खरवडून काढायचं. ग्राइंडरला खरखरीत चकती लावून काम झटपट होतं, पण तिची भुकटी तेलात जाऊन बेअरिंग खाते. दोन्ही कडा पेट्रोलने नाही, क्लीनरने पुसून कोरड्या करायच्या. लिक्विड गॅस्केटची धार दोन-तीन मिलिमीटरची, तुटू न देता, बोल्टांच्या भोकांच्या आतल्या बाजूने. जास्त थापलं की चांगलं धरेल असं वाटतं, पण दाबल्यावर जास्तीचा माल आत ढकलला जातो, त्याचा गोळा सुटून तेलाच्या जाळीत अडकतो आणि ऑइल पंप उपाशी मरतो. त्यामुळे बाहेर फार ओघळलेलं दिसलं तर आतही तेवढंच असणार, हे धरून चाला.

‘पावसात सिलिकॉन पकडत नाही’ हे मी दोन गॅरेजांत ऐकलं. खरं तर उलट आहे. हे सिलिकॉन हवेतल्या ओलाव्यानेच घट्ट होतं, नवी मुंबईच्या जुलैत त्याला काही कमी पडत नाही. पृष्ठभाग ओला किंवा तेलकट असेल तर मात्र ते धरत नाही. लावल्यावर काही मिनिटांत कव्हर बसवून बोल्ट ठरलेल्या क्रमाने, टॉर्क पान्याने आवळायचे, आणि ट्यूबवर लिहिलेले तास संपेपर्यंत तेल भरायचं नाही. संध्याकाळी सहाला कव्हर बसवून सातला गाडी देतो म्हणणाऱ्याला सांगा, उद्या येतो. आणि स्टार्टरला हात लावण्याआधी क्रँक पान्याने हाताने पूर्ण दोन फेऱ्या फिरवून टायमिंगच्या खुणा पुन्हा जुळतात का ते तुमच्यासमोर पाहायला लावा. दोन मिनिटांचं काम आहे. बाहेरून सिलिकॉन थापणाऱ्याचा दीड हजार रुपयांचा उपाय यात कुठेच बसत नाही. तेलकट कडेवर ते चिकटत नाही, आणि पुढच्या मिस्त्रीला ते खरवडायचे पैसे तुम्हीच देता.

बेल्टवाल्यांचं थोडक्यात. वरच्या प्लॅस्टिक कव्हरच्या क्लिपा काढून बेल्ट वर्षातून एकदा बघून घ्या, ही तपासणी फुकट किंवा शे-दोनशेत होते. भेगा, चकाकणारी पाठ, तुटलेला दात, तेलाचा ओलावा, यातलं काहीही दिसलं तर किलोमीटर झाले नसले तरी बेल्ट बदलायचा. वयाचा हिशेबही असतो. गाडी कमी चालते म्हणून रबर तरुण राहत नाही. प्लॅस्टिक कव्हर पाचशे ते दीड हजारात येतं. बेल्ट, टेन्शनर, आयडलर आणि डस्टरसारख्या गाडीत त्याच बेल्टवर फिरणारा वॉटर पंप धरला की दहा ते अठरा हजार. पंप त्याच वेळी बदला, कारण तिथेही पैसे उघडण्याचेच असतात.

फुटक्या कव्हरने गाडी चालवू नका. आपल्या नवी मुंबईचा बराचसा भाग खाडीच्या भरतीच्या पातळीखाली, बांध आणि होल्डिंग पॉन्ड यांच्या भरवशावर उभा आहे. भरती आणि मुसळधार पाऊस एकदम आले की रस्त्यावर पाणी साठतं, आणि फुटक्या कव्हरमधून गाळ थेट बेल्टवर जातो. दुसरा शत्रू उंदीर. सोसायटीच्या बेसमेंटमध्ये उभ्या गाडीत ते वायरी तर कुरतडतातच, पण कव्हरच्या खालच्या मोकळ्या जागेत कागद-चिंध्या भरूनही ठेवतात. एका शेजाऱ्याच्या गाडीतून नारळाच्या शेंड्या निघाल्या.

इन्शुरन्सकडून गळतीचे पैसे मिळत नाहीत. झीज आणि यांत्रिक बिघाड नेहमीच्या पॉलिसीतून वगळलेले असतात. अपघातात किंवा दगड लागून कव्हर फुटलं तर ओन डॅमेजमध्ये क्लेम होतो, मात्र प्लॅस्टिक-रबरावर ५० टक्के घसारा, आणि धातूच्या भागांवर पाच ते दहा वर्षांच्या गाडीला ४०, त्यापुढे ५० टक्के. घसारा न कापणारी झीरो डेप पॉलिसी नसेल तर छोट्या क्लेमसाठी नो क्लेम बोनस घालवू नका.

लेखी एस्टिमेट, जादा कामाला आधी फोन, जुने पार्ट परत आणि गळती पुन्हा झाल्यास किती दिवस मोफत, या चार गोष्टी जॉब कार्डावर लिहून घ्या. जीएसटी नंबर नसलेल्या गॅरेजला बिलात जीएसटी लावता येत नाही, हेही लक्षात असू द्या. बिनसलंच तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर आधी तक्रार करा, बरीच प्रकरणं तिथेच मिटतात. नाही मिटलं तर ग्राहक आयोग. ऐरोलीपासून बेलापूरपर्यंतचे आपण ठाणे जिल्ह्यात येतो आणि त्याचा अतिरिक्त आयोग सीबीडी बेलापूरला कोकण भवनात बसतो. खारघर-कामोठे-पनवेलकर रायगड जिल्ह्यातले, त्यांचा आयोग अलिबागला. २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्याने आपण राहतो तिथे तक्रार करता येते, मुदत दोन वर्षं, आणि दिलेली रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर फी नाही. वकीलही सक्तीचा नाही. जुना पार्ट आणि जॉब कार्ड मात्र हातात हवं.

पाचशे किलोमीटर झाल्यावर मी गाडी परत दाखवायला नेली. मिस्त्रीने बॅटरी मारली, कडेवरून कोरडं फडकं फिरवलं आणि ते मला दाखवलं. स्वच्छ होतं. जुनी चेन त्याने पिशवीत घालून दिली होती. बसवण्याआधी नवीशेजारी धरून पाहिली तेव्हा ती जवळजवळ अर्ध्या दुव्याने लांब भरली होती.